आधी खालचे दार, पण किती दिवस?

मस्कतमध्ये चार मराठी माणसे जमली की बोलणे घरच्या कागदपत्रांवर येतेच. मध्यंतरी एका स्नेह्यांनी विचारले, "गावाकडच्या कार्यालयाने अर्ज फेटाळला. वकील म्हणाले, आधी अपील करा. ते करून वर्ष होत आले, उत्तर नाही. आता सरळ हायकोर्टात जाऊ का?"

प्रश्न साधा आहे, उत्तर तितके नाही. त्यासाठी सर्वोच्च न्यायालयाचा १९९८ चा 'व्हर्लपूल' निकाल वाचावा. व्हर्लपूल म्हणजे भोवरा. नाव योगायोगाने चपखल आहे. मुंबईच्या ट्रेडमार्क निबंधकाने कंपनीला नोटीस काढली, उच्च न्यायालयाने दाद दिली नाही, सर्वोच्च न्यायालयाने दिली. न्या. सगीर अहमद यांनी सांगितले की परिणामकारक पर्यायी उपाय असेल तर उच्च न्यायालयाने सहसा हात घालू नये. मात्र मूलभूत हक्क, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकारबाह्य कारवाई किंवा कायद्याच्याच वैधतेचा प्रश्न असेल तर ही आडकाठी नाही.

हा संयम न्यायालयाने स्वतःवर घालून घेतला आहे. १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने तो घटनेच्या २२६ व्या कलमातच सक्तीचा करून पाहिला. १९७८ च्या ४४ व्या दुरुस्तीने ती सक्ती काढली. हे योग्यच झाले. खात्याला स्वतःची चूक सुधारण्याची संधी मिळावी आणि न्यायालयांवरचा भार हलका राहावा, हा हेतूही मला पटतो.

माझा आक्षेप वेगळा आहे. या अपवादांच्या यादीत मौन नाही. अपील अधिकारी नकार देत नाही, होकारही देत नाही. मग अर्जदाराने करायचे काय? जाणकार म्हणतील, अपिलाचा निकाल लावा असा आदेश उच्च न्यायालयाकडून मागता येतो. म्हणजे खालचे दार उघडण्यासाठी आधी वरचे ठोठवायचे! परदेशातून वर्षाला एकदा रजेवर येणाऱ्याला हे परवडणारे नाही.

आपण राहतो त्या ओमानकडे पाहा. १९९९ च्या ९१ क्रमांकाच्या शाही फर्मानाने येथे प्रशासकीय न्यायालय आले. २०२२ मध्ये ते एकत्रित न्यायव्यवस्थेत विलीन झाले. त्या कायद्यातही निर्णय रद्द करून मागण्याआधी खात्याकडे गाऱ्हाणे, म्हणजे 'तझल्लुम', न्यावे लागे. पण ठरल्या मुदतीत उत्तर आले नाही तर तो नकारच धरला जाई आणि पुढची वाट मोकळी होई.

हा विचार आपल्याला परका नाही. २००५ च्या माहिती अधिकार कायद्यात तीस दिवसांचे मौन म्हणजे नकार, आणि पहिले अपील फार तर पंचेचाळीस दिवसांत निकाली काढायचे आहे.

आमच्या संगणकाच्या धंद्यात उत्तराची वाट पाहायला लावताना ती किती वेळ पाहायची हेही लिहावे लागते. नाहीतर सगळा कार्यक्रम तेथेच अडकतो. स्नेह्यांना मी एवढेच सांगितले: अपिलाची पोच आणि स्मरणपत्रे जपून ठेवा. न्यायालयात हा उपाय परिणामकारक नव्हता हे दाखवायला तेवढाच पुरावा तुमच्या हाती आहे. तो गोळा करण्याचे ओझे अर्जदारावर का, हे मात्र मला अजून पटलेले नाही.