बाहुलीचा विनोद आणि उजनीचे पाणी

उजनी धरणाकाठच्या गावांना राजकीय विनोद नवा नाही. त्यांतील एक मात्र त्यांच्या जिव्हारी लागला. एप्रिल २०१३ मध्ये, ऐन दुष्काळात, सोलापूर जिल्ह्यातील एक शेतकरी उजनीच्या पाण्यासाठी मुंबईत आझाद मैदानावर उपोषणास बसला होता. तत्कालीन उपमुख्यमंत्री अजित पवार यांनी इंदापूर तालुक्यातील एका सभेत त्याची जी थट्टा केली ती येथे उद्धृत करणे उचित नव्हे. श्रोत्यांत हशा पिकला. पुढे पवारांनी क्षमा मागितली व कऱ्हाडला यशवंतराव चव्हाणांच्या समाधीपाशी एक दिवस आत्मक्लेश केला.

चित्रवाणीवरील बाहुल्यांच्या राजकीय प्रहसनांचे मूल्यमापन करताना हा हशा विसरता येत नाही. हसणारे कोणाच्या बाजूने हसतात, हाच खरा प्रश्न होय.

ब्रिटनमध्ये १९८४ ते १९९६ या काळात 'स्पिटिंग इमेज' ही मालिका गाजली. पीटर फ्लक व रॉजर लॉ यांच्या रबरी बाहुल्यांनी मंत्री, नटनट्या, राजघराणे, कोणालाही सोडले नाही. पंतप्रधान मार्गारेट थॅचर यांची बाहुली पुरुषी पोशाखात सहकाऱ्यांना दरडावी. विरोधी पक्षाचे डेव्हिड स्टील मात्र आपले मित्र डेव्हिड ओवेन यांच्या खिशातले चिमुकले बाहुले झाले. परिणाम असा की, थॅचर अधिकच कणखर भासल्या आणि स्टील खुजे ठरले. सत्तेवर उगारलेला आसूड सत्ताहीनाच्याच पाठीवर उमटला!

आपल्याकडे एनडीटीव्ही इंडिया या वाहिनीवरील 'गुस्ताखी माफ'ने हा प्रकार हिंदीत आणला. वाजपेयींचे दीर्घ विराम, लालूप्रसादांचे ग्रामीण हेल यांची नक्कल निःसंशय कुशल होती. परंतु शीर्षकातच क्षमायाचना करणारा उपहास कितीसा बोचणार? नक्कल लकबीची झाली, निर्णयांची क्वचितच. अशाने पुढारी लाडका होतो, उत्तरदायी होत नाही.

भीमेचे पाणी ओसरले की बुडालेल्या पळसदेवचे जुने मंदिर वर येते. उपहासानेही एवढेच करावे: वरचे पाणी हटवून तळाशी दडलेले दाखवावे. ज्यांची गावे धरणात गेली आणि ज्यांच्या शेतापर्यंत तेच पाणी पोहोचले नाही, त्यांना पुढाऱ्याचा हुबेहूब आवाज नको आहे. पाण्याचा निर्णय कोण घेतो, हे त्यांना पाहायचे आहे. जी बाहुली आपल्या दोऱ्या कोणाच्या हाती आहेत हे दाखवील, तिचाच विनोद त्यांना आपला वाटेल.