रागात्सी दी व्हीता

पिएर पाओलो पासोलीनी (१९२२–७५) ह्या इटालियन साहित्यिकाची पहिली प्रकाशित कादंबरी (१९५५). दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीपासून पुढच्या काही वर्षांतील रोमच्या गरीब वस्त्यांमधील किशोरवयीन मुले हा तिचा विषय. भटकंती, चोऱ्या आणि नदीतील पोहणे ह्यांत उन्हाळे घालविणाऱ्या ह्या मुलांच्या मैत्रीला सोबतीची ऊब आहे, विश्वासाचा आधार मात्र नाही. आरंभी रिच्चेत्तो हा मुलगा बुडणाऱ्या पाकोळीला वाचविण्यासाठी टायबर नदीत उडी घेतो. पुढे तुरुंगवास भोगून तो कामाला लागतो. अखेरीस आन्येने नदीत बुडणाऱ्या जेनेसिओ ह्या लहान मुलाबद्दल आपुलकी असूनही जिवाच्या भीतीने तो काठावरूनच परततो. दारिद्र्याला न मारता आलेली करुणा रुळलेल्या जीवनातील सावधपणाने मारली, असे कटू सत्य ह्या दोन प्रसंगांच्या विरोधातून सूचित होते. कथानक विस्कळित असले, तरी हा विरोध त्यास एकसंधता देतो. रोमच्या बोलीतील संवाद जिवंत आहेत. भाषांतरात मात्र त्यांचा कस टिकणे कठीण. कादंबरीवर अश्लीलतेचा खटला झाला. १९५६ मध्ये पासोलीनी निर्दोष सुटले. ह्या मुलांविषयी भाबडी कणव न दाखविणे, हेच तिचे सामर्थ्य होय.