महाळुंग, कवठ आणि दोन बिलं

इ. स. ८५० च्या सुमारास महावीर नावाच्या जैन गणितीने ‘गणितसारसंग्रह’ हा संस्कृत ग्रंथ लिहिला. त्यातलं एक गणित असं: नऊ मातुलुंग आणि सात कपित्थ मिळून किंमत १०७. सात मातुलुंग आणि नऊ कपित्थ मिळून १०१. तर एकेका फळाची किंमत वेगळी काढून दाखवा.

अशी गणितं तुमच्याही कुटुंबाच्या ग्रुपवर फिरत आली असतील. सोबतचा सूर ठरलेला: बघा, आपल्या पूर्वजांना बीजगणित येत होतं! येत होतंच की. पण अभिमानाचा अंगठा दाखवून पुढे गेलात तर गणित वाचायचं राहून जातं. (महावीर राष्ट्रकूट राजा अमोघवर्षाच्या काळातला, राजधानी मान्यखेट, म्हणजे आजच्या कर्नाटकातलं मळखेड. राष्ट्रकूटांनीच वेरूळचं कैलास लेणं कोरवलं, म्हणून महावीराला मराठी ठरवायची घाई नको.)

आधी फळं बघा. मातुलुंग म्हणजे आपलं महाळुंग, कोल्हापूरच्या अंबाबाईच्या हातात असतं ते. कपित्थ म्हणजे कवठ, महाशिवरात्रीला ज्याची चटणी होते ते. दोन्ही शब्द झिजत झिजत मराठीत आलेत. शाळेतल्या ‘पेन आणि वही’पेक्षा ही जोडी मला जास्त आवडते, कारण दोन्ही फळं बाजारात नगावर विकली जाणारी आहेत. प्रश्न खोटा वाटत नाही.

उत्तराची रीत मात्र बघण्यासारखी आहे. मोठी किंमत मोठ्या संख्येने गुणा: १०७ × ९ = ९६३. लहान किंमत लहान संख्येने: १०१ × ७ = ७०७. वजाबाकी २५६. आता संख्यांच्या वर्गांतला फरक: ८१ − ४९ = ३२. भागाकार ८. महाळुंग ८ ला एक. उलट बाजूने ९०९ − ७४९ = १६०, भागिले ३२, कवठ ५ ला एक. पडताळा बघा: ७२ + ३५ = १०७. जमलं.

जमलं, पण का जमलं? रीत ते सांगत नाही. ती पाककृतीसारखी आहे, आणि ९ आणि ७ यांची अदलाबदल झाली असेल तरच चालते. दुसऱ्या बिलात आठ महाळुंगं असती तर ती तशीच वापरता आली नसती. याच ठिकाणी शाळेतली युक्ती मला सरस वाटते: दोन्ही बिलांची बेरीज करा. सोळा महाळुंगं, सोळा कवठं, २०८. म्हणजे एक जोडी १३ ला. वजाबाकी करा: दोन महाळुंगं दोन कवठांपेक्षा ६ ने महाग, म्हणजे एक महाळुंग एका कवठापेक्षा ३ ने महाग. बेरीज १३, फरक ३. इथे अक्षरसुद्धा लागलं नाही, आणि कारण डोळ्यांसमोर आहे.

अदलाबदलीची हौस फक्त महावीराची नव्हे. त्याच्या कितीतरी आधीच्या ‘गणितकलेचे नऊ अध्याय’ या चिनी ग्रंथात ५ बैल आणि २ मेंढ्या १० लियांग सोन्याला, २ बैल आणि ५ मेंढ्या ८ लियांगला असं गणित आहे. उत्तर: बैल १ पूर्णांक १३/२१, मेंढी २०/२१. असला ओबडधोबड अपूर्णांक आपल्या परीक्षेत आला तर मुलं पेपर फुटला म्हणण्याऐवजी पेपर चुकला म्हणतील. पण चिनी ग्रंथाची पद्धत कुठल्याही संख्यांना चालते, म्हणून त्याला उत्तर गोंडस असण्याची गरज नाही. महावीराचं उत्तर सुबक आहे ते त्याने आकडे तसे निवडले म्हणून.

आता शाळेवर टीका. तुमच्यातले बरेच जण इथे धाकट्या भावंडांना शिकवतात, तेव्हा हे ऐकाच. पहिली ओळ ‘क्ष म्हणजे महाळुंग’ अशी लिहू देऊ नका. क्ष म्हणजे एका महाळुंगाची किंमत. नाहीतर ‘९क्ष’ हे नऊ फळं म्हणून वाचलं जातं आणि १०७ कशाचे ते कळेनासं होतं. मराठीत ‘एका महाळुंगाची’ हा ‘ची’ मोठ्याने म्हणायला लावा. अर्धी भानगड तिथेच मिटते.

दुसरी गोष्ट पुस्तकं जवळजवळ बोलतच नाहीत: दोन्ही दिवशी भाव तोच होता, हे गृहीत धरलंय. बाजारात नऊ घेतले तर घासाघीस होते, सातला होत नाही. आणि दुसरं बिल १८ महाळुंगं, १४ कवठं, २१४ असं असतं तर? कागद दोन, माहिती एकच. तुम्ही दर आठवड्याला तीच पिशवी भरत असाल तर वर्षभराची बिलं जमवूनही एका फळाचा भाव निघणार नाही.

दुकानाच्या पावतीवर आज प्रत्येक भाव छापलेला असतो, त्यामुळे हे कोडं तिथे मेलेलंच आहे. जिवंत आहे ते टॅक्सीत. समजा ४ किलोमीटरला १४ झाले आणि १० किलोमीटरला २६. सहा किलोमीटर जास्त, बारा जास्त. म्हणजे किलोमीटरला २, आणि नुसतं आत बसायचे ६. तिसरी फेरी रात्रीची असेल आणि आकडा जुळला नाही, तर लगेच आपलं गणित खोडू नका. आधी रात्रीचा दर वेगळा आहे का ते विचारा.