सोंगाड्या आणि पेंद्या

आमच्या वयाची माणसं पारावर जमली की एक वाक्य ठरलेलं असतं, "आताच्या पोरांना विनोद कळत न्हाई. विनोद आमच्या काळात होता." हे मीही पुष्कळदा बोललोय. पण बोलायचं तर तपासून बोलावं, म्हणून हे लिहायला बसलो.

आमचा विनोद म्हणजे मुख्यतः जत्रेतला तमाशा. गण, गवळण, बतावणी आणि मग वग. वगात राजा, प्रधान, कोतवाल असायचे आणि त्यांच्यात एक सोंगाड्या. नेमके शब्द आता आठवत नाहीत, पण बोलण्याची धाटणी अशी असायची. राजा विचारणार, "राज्यात सध्या कोणता सण चाललाय?" "शिमगा, महाराज." "भर श्रावणात शिमगा?" "तुमच्या नावानं बारमाही चालतो, महाराज!"

पुढं खुर्च्यांवर गावचे पुढारी बसलेले असत. हसं राजाचं व्हायचं, पण माना खुर्च्यांकडं वळायच्या. १९७२ च्या दुष्काळात दिवसभर खडी फोडून मिलोची भाकरी खाल्लेली माणसंसुद्धा असल्या बोलण्याला पोट धरून हसायची. एरवी त्या खुर्च्यांपुढं बोलायची कुणाची छाती होती? वसंत सबनीसांच्या 'विच्छा माझी पुरी करा' या वगनाट्यात दादा कोंडके यांनी हवालदार गाजवला, तोही याच सोंगाड्याच्या घराण्यातला. शहरातल्या लोकांनीही त्याला डोक्यावर घेतलं.

घरच्या बायका तमाशाला येत नसत. पण भोंडल्याच्या गाण्यांत त्याही सासरच्या माणसांची टर उडवून घेत. एरवी सासूपुढं मान वर न करणारी सून फेर धरून तिच्यावरच गायची. हा विनोद चांगला होता, हे मी आजही म्हणतो. ज्यांच्यापुढं बोलता येत नव्हतं, त्यांच्यावर तो होता.

पण त्याच तमाशाच्या गवळणीत पेंद्या यायचा. लंगडत, बोबडं बोलत. तो काय बोलतोय ते कळायच्या आधीच लोक हसायचे. मीही हसायचो.

माझा धाकटा भाऊ बोलताना अडखळायचा. एका जत्रेनंतर पोरं त्याला पेंद्या म्हणायला लागली, मग सगळं गाव. शाळेत धडा वाचायला उभा राहिला की वर्ग खिदळायचा. सहावीत त्यानं दप्तर खुंटीला अडकवलं ते कायमचं. आज साठी आली, तरी बाजारात भाव विचारायचा झाला तर तो मला पुढं करतो. फडातल्या नटाचा दोष नाही, त्यानं त्याचं सोंग केलं. नाव ठेवलं ते आम्ही. मीसुद्धा एक-दोनदा त्याच नावानं हाक मारलीय.

तेव्हा 'आमचा विनोद' म्हणताना सोंगाड्या तेवढा मोजायचा आणि पेंद्या विसरायचा, हे बरं नव्हं. दोघं एकाच रात्री, एकाच फडात असायचे. टाळ्या दोघांनाही आम्हीच दिल्या.

परवा नातवानं मोबाईलवर कुणाच्या तरी अडखळत्या बोलण्याची नक्कल लावली आणि हसत सुटला. "असलं काही आमच्या काळात नव्हतं," असं मी म्हणणार होतो. समोर भाऊ भुईमुगाच्या शेंगा निवडत बसला होता. त्यानं एकदा माझ्याकडं बघितलं आणि पुन्हा खाली मान घातली. मी गप्प बसलो.