इझाडोरा डंकन यांचा नृत्यवारसा आणि रोहिणी भाटे यांचा अनुवाद

आधुनिक नृत्याच्या प्रवर्तकांमध्ये इझाडोरा डंकन (१८७७-१९२७) यांचे स्थान अग्रगण्य आहे. सॅन फ्रान्सिस्को येथे जन्मलेल्या या नर्तिकेने बॅलेचे बूट व ठरीव पदन्यास नाकारले आणि अनवाणी पायांनी, सैल वस्त्रांत शोपँ, ग्लुक यांच्या संगीतावर नृत्य केले. १९०४ मध्ये बर्लिनजवळील ग्रुनेवाल्ड येथे आणि १९२१ मध्ये मॉस्को येथे त्यांनी नृत्यशाळा स्थापन केल्या.

नृत्य ही देहाबरोबर लोपणारी कला आहे. इझाडोरांच्या नृत्याचे चित्रीकरण जवळजवळ उपलब्ध नाही. ते शिष्यांच्या देहांतून पुढे गेले. परिणामी सामान्य वाचकाच्या स्मरणात त्यांची कला राहिली नाही. राहिला तो १९१३ मधील दोन मुलांचा सीन नदीतील मृत्यू आणि नीस येथे मोटारीच्या चाकात उपरणे अडकून झालेला त्यांचा स्वतःचा अंत. बंडखोरीच्या आख्यायिकेने कलाविचार झाकला गेला.

त्यांच्या आत्मचरित्राचा 'मी इझाडोरा' हा मराठी अनुवाद रोहिणी भाटे (१९२४-२००८) यांनी केला, ही बाब म्हणूनच विशेष अर्थपूर्ण ठरते. लच्छू महाराज व मोहनराव कल्याणपूरकर यांच्याकडे कथकचे शिक्षण घेतलेल्या आणि १९४७ मध्ये पुण्यात 'नृत्यभारती' स्थापन करणाऱ्या भाटे यांनी परंपरा मोडली नाही. तिच्या व्याकरणातच नवे शोधले. वरवर पाहता या दोन वाटा परस्परविरोधी आहेत. परंतु छातीवर हात जुळवून तासन्‌तास निश्चल उभे राहून हालचालीचा उगम शोधल्याचे इझाडोरा आत्मचरित्रात सांगतात. ही उत्स्फूर्तता नव्हे, साधना आहे. मुक्ती ही शिस्तीच्या अभावातून नव्हे, तर उगमाच्या शोधातून येते, या बिंदूवर दोघी एकत्र येतात. मात्र हे आत्मचरित्र रशियाच्या प्रवासाच्या उंबरठ्यावर संपते आणि त्यात अध्यापनपद्धतीपेक्षा भावनावेगाला अधिक जागा मिळते, ही त्याची मर्यादा मान्य करावी लागते.

बीड जिल्ह्यातील अध्यापकांना हा विचार परका वाटू नये. अंबाजोगाई ही मुकुंदराजांची भूमी आहे. संस्कृतातील तत्त्वचिंतन 'विवेकसिंधू'च्या रूपाने मराठीत आले, तेव्हा आशय आपल्या भाषेत रुजविण्याचा आदर्शच निर्माण झाला. युवक महोत्सवासाठी विद्यार्थ्यांची नृत्ये बसविताना चित्रफितीतील हालचालींची नक्कल करून घेणे सोपे असते. ही हालचाल कोठून उगवते, असे विद्यार्थ्याला विचारणे कठीण असते. निष्कर्षतः, इझाडोरांचा खरा वारसा अनवाणी पायांत नसून या प्रश्नात आहे. तो मराठीत आणण्याचे श्रेय रोहिणी भाटे यांचे आहे. तो वर्गात विचारण्याची जबाबदारी अध्यापकांची आहे.