नितीन देसाई : नेपथ्य आणि सत्य

भोरच्या राजवाड्यांत चित्रपटाचें चित्रण सुरू झालें कीं, लोक नटनटींना पाहण्यास लोटतात. त्यांच्यामागील खांबतुळयांकडे क्वचितच कोणी पाहतो. अशा जागीं कलादिग्दर्शकाचें निम्में काम जुन्या सुतार-गवंड्यांनींच करून ठेवलेलें असतें. परंतु जेथें कांहींच उभें नाहीं, तेथें त्यानें काय करावें? हा प्रश्न मनांत ठेवून कै. नितीन चंद्रकांत देसाई (१९६५–२०२३) यांच्या कारकीर्दीकडे पाहिलें, तर तिच्यांतील थोरवी व उणीव दोन्ही उमगतात, असें आम्हांस वाटतें.

देसाई मूळचे दापोलीकडील. १९८७ मध्यें 'तमस' या दूरदर्शनवरील मालिकेसाठीं ते नीतीश रॉय यांच्या हाताखालीं उमेदवारी करूं लागले. पुढें 'चाणक्य' मालिकेनें त्यांस स्वतंत्र काम दिलें. '१९४२ : अ लव्ह स्टोरी' (१९९४) या चित्रपटानें त्यांचें नांव झालें, आणि 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर', 'हम दिल दे चुके सनम', 'लगान' व 'देवदास' यांनीं त्यांस चार राष्ट्रीय पारितोषिकें मिळवून दिलीं. परंतु पारितोषिकांची मोजदाद करून टीकाकाराचें कर्तव्य संपत नाहीं.

'लगान' (२००१) हें आमच्या मतें त्यांचें सर्वोत्तम काम. भुजजवळच्या उघड्या माळावर त्यांनीं १८९३ सालचें चंपानेर उभें केलें. मातीच्या भिंती, गवताचीं छपरें, टेकडीवरील देऊळ. यांत डोळे दिपविणारें कांहीं नाहीं. पण अवर्षणाची तहान त्या भिंतींच्या रंगांतच आहे. त्यामुळें शेतसाऱ्याची धास्ती कोणी बोलून दाखविण्यापूर्वींच प्रेक्षकास कळते. 'देवदास' (२००२) याच्या उलट. पारोच्या घरांतील रंगीत कांचा व चंद्रमुखीची पाण्याकांठची कोठी पाहून मनुष्य थक्क होतो खरा. परंतु शरच्चंद्रांचा नायक दुबळ्या मनाचा, मुकाट्यानें झिजणारा. इतक्या झगझगाटांत त्याचें दुःख दिसेनासें होतें. दिग्दर्शकास वैभवच हवें होतें, असें कोणी म्हणेल. तें मान्य केलें, तरी वास्तु पात्राहून मोठी झाली हा दोष उरतोच.

आमच्या मुलुखास अधिक जवळचा प्रश्न पुढेंच आहे. २००५ मध्यें देसाई यांनीं कर्जतजवळ स्वतःचा स्टुडिओ उभारला आणि २००८ मध्यें 'राजा शिवछत्रपती' ही मालिका निर्माण केली. वेल्ह्याकडील राजगडावर चढून जावें, तर वाड्यांचीं बहुतेक जोतीं तेवढीं उरलेलीं दिसतात. मालिकेनें शिवकालास भिंती दिल्या, छत दिलें, दरबार दिला. हें ऋण मोठें आहे. पण जोखीमहि तेवढीच मोठी. गडावर गेलेला एक विद्यार्थी "येथें तर कांहींच नाहीं!" असें म्हणतांना आम्हीं ऐकला आहे. त्याच्या मनांत प्लास्टरच्या खांबानें दगडाची जागा घेतली होती.

२ ऑगस्ट २०२३ रोजीं त्याच स्टुडिओंत देसाई यांचा अकालीं अंत झाला. एवढ्या कर्तृत्वाच्या माणसाचें असें जाणें मनास चटका लावणारें आहे. त्यांच्या मागून येणाऱ्यांनीं 'देवदास'मधील कांचांपेक्षां चंपानेरच्या मातीपासून धडा घ्यावा. आणि आम्ही पालकांनीं मुलांस मालिका अवश्य दाखवावी. पण पुढच्या सुटींत राजगडावर नेऊन तेथील जोतींहि दाखवावींत. त्यांवरील भिंत त्यांची त्यांनाच मनांत बांधूं द्यावी.