लुटारू कोणी ठरवले? खानदेश गॅझेटिअर पुन्हा वाचताना

मंडळी, वर सातपुडा आणि खाली तापी, अशा या आपल्या शहाद्याच्या पट्ट्याचा इतिहास आपण बहुतेकदा १८८० च्या खानदेश गॅझेटिअरमधूनच सांगतो. त्यात भिल्ल येतात ते लूटमार करणारे म्हणून. जणू तो त्यांचा स्वभावच. पण तेच पुस्तक आपण जरा नीट वाचू. भिल्ल गावाची राखण करत आणि त्याबदल्यात गावाकडून हक्क घेत, हेही तिथंच आहे. १८०३ चा दुष्काळ, पेंढाऱ्यांच्या धाडी आणि पेशव्यांच्या अंमलदारांनी केलेल्या कत्तली यांनी ही घडी विस्कटली, हेही आहे. मग स्वभाव कुठून आला?

१८२५ मध्ये जेम्स आउट्रमने धरणगावला भिल्ल पलटण उभारली. कालचे ‘लुटारू’ पगार मिळताच बंदोबस्ताला उभे राहिले. रक्तातली खोड पगारानं जाते का हो?

धाडीत जळालेलं शेतकऱ्याचं घर आपण विसरायचं नाही. पण गॅझेटिअर धाड एका पानावर सांगतं आणि तिचं कारण दुसऱ्याच पानावर ठेवतं. ती दोन पानं शेजारी ठेवून वाचणं, हे आपलं काम.